म्हातारपण गावाला पाठवले

१८८४ च्या सप्टेंबरात परळला गिरणी कामगारांच्या सभा भरल्या. 'दीनबंधु'चे संपादक नारायण मेघाजी लोखंडे यांच्या पुढाकाराने झालेल्या या सभांत फॅक्टरी कमिशनपुढे ठेवायचे निवेदन मंजूर झाले आणि त्यावर पाच हजारांहून अधिक कामगारांनी सह्या-अंगठे केले. आठवड्यातून एक दिवस सुटी, दुपारी अर्धा तास विश्रांती, कामाच्या तासांना मर्यादा, मागच्या महिन्याचा पगार पुढच्या महिन्याच्या पंधरा तारखेच्या आत, या चार मागण्या कामगार चळवळीच्या कुठल्याही पुस्तकात सापडतात. पाचवी मागणी मात्र सहसा कोणी उद्धृत करत नाही. काम करताना जबर जखमी झालेल्या कामगाराला बरा होईपर्यंत पूर्ण पगार मिळावा आणि तो जन्माचा अपंग झाला तर त्याच्या उदरनिर्वाहाची तजवीज व्हावी, अशी ती मागणी होती.

रविवारची सुटी १८९० साली पदरात पडली. पाचव्या मागणीला कायद्याचे रूप येण्यासाठी १९२३ सालचा कामगार नुकसानभरपाई कायदा यावा लागला; मध्ये एकोणचाळीस वर्षे गेली. तीसुद्धा अपघातापुरती. यंत्रात हात सापडून जो निकामी झाला, त्याला भरपाई मिळू लागली. तीस वर्षे त्रासन खात्यात कापसाचा फुफाटा छातीत घेऊन, उभ्याने काम करून जो हळूहळू निकामी झाला, त्याच्यासाठी कायद्यात काही नव्हते. लोखंड्यांच्या निवेदनातही नव्हते. म्हातारपण हा अपघात नव्हता, त्यामुळे त्याची फिर्याद कोणाकडे करायची हे कोणालाच ठाऊक नव्हते.

मग गिरणीतला म्हातारा कामगार जात कुठे होता? हा प्रश्न मी अनेकांना विचारला आहे. निवृत्त कामगारांना, त्यांच्या मुलांना, युनियनच्या जुन्या कार्यकर्त्यांना. सगळ्यांचे उत्तर एका शब्दात येते: गावाला. ते इतके सहज येते की त्यापुढे कोणी काही विचारत नाही. या लेखात मला त्या उत्तराचा इतिहास तपासायचा आहे. कारण माझ्या मते गेल्या दीडशे वर्षांत महाराष्ट्रातल्या कष्टकऱ्याच्या म्हातारपणाबद्दल जे काही धोरण झाले, ते या एका शब्दावर उभे राहिले आहे. गिरणीमालकांनी तो वापरला, गोऱ्या सरकारने वापरला, स्वतंत्र भारताच्या सरकारने त्यात 'कुटुंब' हा दुसरा शब्द जोडला. आणि त्या दोन्ही शब्दांच्या आडून खर्च कोणी भरला, हे हिशेबात कधीच आले नाही.

मी विद्यापीठात इतिहास शिकलेला नाही. नोकरी सांभाळून गेली वीस-बावीस वर्षे गिरणगावाचे कागद जमवतो आहे: मुंबईच्या लेबर ऑफिसने १९२१ पासून काढलेल्या 'लेबर गॅझेट'चे अंक, आयोगांचे अहवाल, जनगणनेचे तक्ते आणि लोकांच्या ट्रंकेतून निघालेले पास, फंडाच्या स्लिपा, मनीऑर्डरच्या पावत्या. माझे आजोबा संगमेश्वर तालुक्यातून मुंबईला आले आणि एका गिरणीत त्रासनवर राबले. त्यामुळे या विषयात मी तटस्थ आहे असे म्हणणार नाही. पण कागद मात्र कागदासारखेच वाचले आहेत.

म्हाताऱ्यांशिवायचे शहर

१९२१ च्या जनगणनेतली मुंबई पाहिली तर पहिली गोष्ट डोळ्यांत भरते ती अशी की शहरातल्या शंभरातल्या ऐंशीहून अधिक माणसांचा जन्म शहराबाहेरचा आहे. जिल्हावार पाहिले तर सर्वात मोठा वाटा रत्नागिरीचा. हजार पुरुषांमागे स्त्रिया पाचशेच्या आसपास. वयाच्या तक्त्यात लोकसंख्या मध्यावर फुगलेली: कर्ते पुरुष भरपूर, मुले कमी, म्हातारी माणसे त्याहून कमी. रत्नागिरी जिल्ह्याचे चित्र नेमके याच्या उलट. तिथे पुरुषांपेक्षा स्त्रिया जास्त, आणि ही गोष्ट विसाव्या शतकभर बदललेली नाही. २०११ च्या जनगणनेतही रत्नागिरीत हजार पुरुषांमागे ११२२ स्त्रिया होत्या.

हे दोन तक्ते शेजारी शेजारी ठेवले की एकच यंत्रणा दिसते. गावाने मूल जन्माला घालायचे, वाढवायचे, सोळाव्या-सतराव्या वर्षी मुंबईला पाठवायचे. शहराने त्याची तीस-पस्तीस वर्षे वापरायची. आणि हात थरथरू लागले, नजर अधू झाली, तुटलेला धागा जोडायला वेळ लागू लागला की त्याला परत पाठवायचे. बालपणाचा आणि म्हातारपणाचा खर्च गावाकडे, मधली वर्षे गिरणीकडे. गिरणीच्या ताळेबंदात कापसाची किंमत होती, कोळशाची होती, यंत्रांच्या घसाऱ्याचीही तरतूद होती. माणसाच्या घसाऱ्याची नव्हती.

हे त्या काळात सर्वत्र असेच होते, असे म्हणून सुटका होत नाही. इंग्लंडमध्ये १९०८ साली वृद्ध पेन्शनचा कायदा झाला आणि जानेवारी १९०९ पासून सत्तरी ओलांडलेल्या गरजू माणसाला आठवड्याला पाच शिलिंगांपर्यंत रक्कम मिळू लागली. लँकेशरच्या विणकराला ती मिळत होती. त्याच साम्राज्यात, तशाच मागांवर राबलेल्या मुंबईच्या विणकराला ती मिळत नव्हती.

कॅम्प दापोलीचे पेन्शनर

खुद्द कोकणालाही पेन्शन हा शब्द नवा नव्हता. रत्नागिरी हा गिरण्यांच्याही आधीपासून मुंबई लष्कराला शिपाई पुरवणारा जिल्हा. सेवा संपवून परतलेल्या शिपायांची आणि सुभेदारांची वस्ती दापोलीच्या कॅम्पात होती. लष्करातून निवृत्त झाल्यावर डॉ. आंबेडकरांचे वडील सुभेदार रामजी सकपाळ कुटुंब घेऊन काही काळ तिथेच राहिले. गोपाळबाबा वलंगकर १८८६ मध्ये लष्करातून निवृत्त झाले आणि दापोलीतूनच त्यांनी अस्पृश्यतेविरुद्ध लिखाणाला सुरुवात केली.

या माणसांच्या हाती दरमहा एक रक्कम येत होती. ती तुटपुंजी असेल. सुभेदार रामजींनाही पुढे साताऱ्याकडे स्टोअरकीपरची नोकरी धरावी लागलीच. पण ती रक्कम खोताच्या मर्जीवर नव्हती, भावकीच्या मर्जीवर नव्हती. गावात ज्याला विहिरीवर जाता येत नाही, त्याच्या नावाने सरकारी खजिन्यातून पैसे येतात, या गोष्टीने किती फरक पडतो हे त्या पिढीने पाहिले. वलंगकरांना लिहायला वेळ मिळाला, मुलांच्या शाळेचा हट्ट धरता आला, त्यामागे इतर अनेक कारणे होती. पण पेन्शन हे त्यातले एक होते. म्हणूनच १८९० च्या दशकाच्या सुरुवातीला महारांची लष्करभरती बंद झाली, तेव्हा तिच्याविरुद्ध अर्ज करण्यात वलंगकर पुढे होते. त्या बंदीने नोकरी गेली, असे आपण वाचतो. नोकरीबरोबर म्हातारपणही गेले, हे मी त्यात जोडू इच्छितो. पुढच्या पिढीतले पुष्कळ जण गिरणीत गेले, आणि तिथेही स्पृश्य कामगारांच्या विटाळामुळे जास्त मजुरीच्या साचेखात्याचे दार त्यांना बंद राहिले.

एकाच गावात, शेजारच्या दोन घरांत, एक लष्करातून परतलेला आणि एक गिरणीतून परतलेला, असे दोन म्हातारे असणार. एकाला सगळे 'पेन्शनर' म्हणत. दुसऱ्याला नाव नव्हते.

गिरणीधंद्यातही अपवाद होता. जमशेटजी टाटांची नागपूरची एम्प्रेस मिल १८७७ साली सुरू झाली आणि तिथे १८८६ मध्ये पेन्शन फंड सुरू झाला. मालक चांगला होता, एवढेच त्याचे स्पष्टीकरण मला पुरेसे वाटत नाही. नागपुरात गिरणीकामाची सवय असलेला मजूर नव्हता. आलेला टिकत नव्हता, वरचेवर दांड्या मारत होता. त्याला धरून ठेवायचे तर त्याच्या पुढच्या आयुष्याबद्दल काहीतरी बोलणे भाग होते. मुंबईत तशी गरज नव्हती. तिथे दर सकाळी गिरणीच्या दारात बदलीच्या आशेने माणसे उभी असत. जिथे माणूस मिळत नाही तिथे त्याच्या म्हातारपणाचा विचार होतो. जिथे दारात रांग आहे तिथे तो गावावर सोडला जातो. हा नियम मला पुढच्या इतिहासातही पुनःपुन्हा दिसला.

आयोगाने गावाला दिलेले काम

१९२९ साली व्हिटली यांच्या अध्यक्षतेखाली भारतातल्या कामगारांविषयी शाही आयोग नेमला गेला. ना. म. जोशी त्याचे एक सदस्य होते. १९३१ साली आलेला या आयोगाचा अहवाल आजही वाचण्यासारखा आहे. कर्जबाजारीपणा, जॉबरची लाचखोरी, चाळींची अवस्था यांवर त्याने परखडपणे लिहिले. मात्र कामगाराच्या गावाशी असलेल्या संबंधाबद्दल त्याचा निष्कर्ष असा होता की हा दुवा एकंदरीत हिताचा आहे. तो तोडू नये, त्याला नीट वळण द्यावे.

या निष्कर्षात तथ्य नव्हते असे मी म्हणत नाही. १९२८ चा सहा महिन्यांचा संप कामगारांनी निभावला तो गावाच्या आधाराने. हजारो जण गावाला गेले, शेतीच्या कामाला लागले, संप मिटल्यावर परतले. गावाशी नाते असल्यामुळे मुंबईचा कामगार कच्चा राहिला, हा जुना समज इतिहासकार राजनारायण चंदावरकर यांनी खोडून काढला तो याच आधारावर: गाव पाठीशी होते म्हणून तो लढू शकला. पण सहा महिने तग धरणे वेगळे आणि उरलेले आयुष्य काढणे वेगळे. आयोगाच्या भूमिकेचा व्यवहारात अर्थ असा झाला की आजारपण, बेकारी आणि म्हातारपण या तिन्हींचा विमा गाव आहे. आणि ज्याचा विमा आधीच आहे त्याच्यासाठी दुसरी तरतूद करण्याची घाई कोणाला असणार?

आता त्या विम्यात पैसे किती होते ते पाहू. रत्नागिरी जिल्ह्यात खोतीची पद्धत होती. कुळाने पिकवलेल्यातला मोठा भाग खोताच्या घरी जाई. डोंगर-उतारावरच्या वरकस जमिनीत नाचणी-वरी पिके, तीही वर्षभर पुरत नसे. माणसे मुंबईला गेली होती ती याच कारणाने. १९३७ साली आंबेडकरांनी विधिमंडळात खोती रद्द करण्याचे विधेयक आणले. खोती प्रत्यक्षात रद्द झाली ती स्वातंत्र्यानंतर. तोवर आणि त्यानंतरही गाव चालत होते ते मुंबईहून येणाऱ्या मनीऑर्डरवर. म्हणजे गाव कामगाराला पोसत नव्हते. कामगार गावाला पोसत होता. ज्या महिन्यात तो कायमचा परत येई, त्याच महिन्यात मनीऑर्डर थांबे. खाणारे एक तोंड वाढे आणि येणारा पैसा बंद होई. विम्याची रक्कम ज्या दिवशी मिळायची, त्याच दिवशी विमा कंपनी बुडावी, असा हा प्रकार होता.

हे चालू राहिले ते एका युक्तीमुळे. बाप निवृत्त होताना मुलगा किंवा पुतण्या त्याच खात्यात लागत असे. आधी बदली, मग जमल्यास कायम. जॉबरला काही द्यावे लागे, पुढे युनियनच्या ओळखीने काम होई. बापाच्या जागी मुलगा लागला की मनीऑर्डरवर पाठवणाऱ्याचे नाव बदले, घेणाऱ्याचा पत्ता तोच राही. गिरणी कामगाराची खरी पेन्शन ही होती. ती कुठल्याही कायद्यात नव्हती आणि दोन गोष्टींवर अवलंबून होती: मुलगा असणे आणि गिरणी चालू असणे. ज्याला मुलगा नव्हता, किंवा ज्याचा मुलगा शहरात वाया गेला, त्याच्याबद्दल गावात जे बोलले जाई ते लहानपणी मी ऐकले आहे. त्याची गरिबी हा त्याच्या नशिबाचा किंवा संस्कारांचा दोष ठरे. गिरणीचे नाव त्यात कोणी घेत नसे.

बायकांच्या नावे न मांडलेला खर्च

'गाव सांभाळते' या वाक्याचा कर्ता शोधला पाहिजे. गाव म्हणजे कोण? लावणी करणारी, लाकूडफाटा आणणारी, खोकणाऱ्या सासऱ्याच्या अंथरुणाशी शेगडी ठेवणारी बाई. पुरुष मुंबईत असल्यामुळे कोकणातल्या घरात दोन-दोन पिढ्यांच्या बायकाच असत. आजोबा परत आले तेव्हा आजीचे वय पन्नाशीच्या पुढे होते. नवऱ्याबरोबर सलग राहण्याची तिची ती पहिलीच वेळ, आणि ती त्याच्या दम्याची शुश्रूषा करण्यात गेली. तिचे स्वतःचे म्हातारपण त्यानंतर सुरू झाले. तिची जन्मतारीख कुठेच नोंदलेली नव्हती.

मुंबईतही बायका होत्या. १९२० च्या दशकात गिरणी कामगारांत जवळपास पाचातली एक बाई होती, बहुतेक वाइंडिंग आणि रीलिंग खात्यांत. पुढे रात्रपाळीची बंदी, बाळंतपणाच्या रजेचा खर्च आणि नवी यंत्रे यांमुळे हे प्रमाण घसरत गेले आणि कायदेशीर संरक्षण वाढत असतानाच बायका त्याबाहेर पडल्या. गिरणगावात खानावळ चालवणाऱ्या बाईने शेकडो कामगारांना जेवू घातले, पण कोणत्याही मस्टरवर तिचे नाव नव्हते. प्रेमा पुरव यांनी १९७५ साली अन्नपूर्णा महिला मंडळ काढले ते या बायकांना सावकाराकडून सोडवून बँकेच्या कर्जापर्यंत नेण्यासाठी. कर्ज मिळाले. पण हात चालेनासे झाल्यावर काय, हा प्रश्न खानावळवालीच्या बाबतीत तसाच राहिला.

रुपयाला एक आणा

स्वातंत्र्यानंतर चित्र बदलले, हे मान्य केले पाहिजे. संविधानाच्या कलम ४१ मध्ये बेकारी, म्हातारपण, आजार आणि अपंगत्व यांसाठी सार्वजनिक साहाय्याचा उल्लेख आला. मात्र 'आर्थिक कुवतीच्या मर्यादेत', आणि न्यायालयात मागता न येणाऱ्या मार्गदर्शक तत्त्वांत. प्रा. बी. पी. आडारकर यांच्या १९४४ च्या अहवालातून १९४८ चा कामगार राज्य विमा कायदा निघाला. त्यात आजार, बाळंतपण आणि कामावरची इजा आली. म्हातारपण आले नाही.

ते आले १९५२ च्या भविष्यनिर्वाह निधी कायद्याने. सुरुवातीला ज्या सहा उद्योगांना हा कायदा लागू झाला, त्यांत कापडधंदा होता. कामगाराच्या पगारातून सव्वासहा टक्के, म्हणजे रुपयाला एक आणा, आणि तेवढेच मालकाचे. कामगारांच्या बोलीत याला 'फंड' हा एकच शब्द. १९७२ चा ग्रॅच्युइटी कायदा आला: पाच वर्षे सलग नोकरी झाली तर दर वर्षाला पंधरा दिवसांचा पगार. या दोन रकमांनी निवृत्त कामगार पहिल्यांदाच हातात काही घेऊन गावाला जाऊ लागला.

पण दोन्ही रकमा एकगठ्ठा होत्या. मी ज्या निवृत्तांशी बोललो, त्यांच्या फंडाची वाट जवळपास ठरलेली दिसली: मुलीचे लग्न, घरावर कौले किंवा पुढे स्लॅब, जुने कर्ज. यात उधळपट्टी काही नव्हती. तीस वर्षे तुंबलेली कामे होती ती. परंतु दोन-तीन वर्षांत रक्कम संपे आणि पुढची पंधरा-वीस वर्षे पुन्हा त्याच जुन्या पेन्शनवर, म्हणजे मुलाच्या मनीऑर्डरवर, काढायची असत. शिवाय बदली कामगाराचे दिवस भरत नसत. वर्षाला दोनशे चाळीस दिवस हजेरी लागली तर वर्ष सलग धरायचे, आणि बदलीवाल्याला महिन्यातून जेमतेम काही पाळ्या मिळायच्या. कागदावर तो कामगार होता. ग्रॅच्युइटीच्या हिशेबात कित्येकदा नव्हता.

१८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख कामगारांचा संप सुरू झाला. कामगार पुन्हा गावाला गेले, १९२८ प्रमाणेच. या वेळी पुष्कळांना परतायला जागा राहिली नाही. या संपाच्या राजकारणावर खूप लिहिले गेले आहे. माझ्या विषयापुरते एवढेच म्हणतो की १९८२ ने एका पिढीची नोकरी घेतली आणि तिच्या आधीच्या पिढीची पेन्शन. बापाच्या जागी मुलगा लागण्याची साखळी त्या वर्षी तुटली. चाळिशीतला मुलगा आणि सत्तरीतला बाप एकाच पडवीत एकाच वेळी बेकार बसले, हे दृश्य त्याआधी कोकणाने पाहिले नव्हते. पुढे गिरण्यांच्या जमिनींचे व्यवहार झाले, घरांसाठी कामगारांचे अर्ज मागवले गेले, सुमारे दीड लाख अर्ज आले, २०१२ पासून सोडती निघू लागल्या. अर्जदारांत मृत कामगारांचे वारस मोठ्या संख्येने होते. म्हातारपणाच्या सोयीसाठी मागितलेले घर वारसाहक्काची बाब होऊन बसले.

१९९५ साली 'ईपीएस ९५' ही कर्मचारी पेन्शन योजना आली. फंडातल्या मालकाच्या हिश्श्यातले ८.३३ टक्के तिच्यात वळवले गेले. सूत्र असे: पेन्शनपात्र पगार गुणिले सेवेची वर्षे, भागिले सत्तर. २००१ ते २०१४ या काळात पगाराची कमाल मर्यादा ६,५०० रुपये होती. त्या मर्यादेवर पंधरा वर्षे सेवा धरली तर महिना १,३९३ रुपये होतात. महागाई भत्ता नाही. जी रक्कम ठरली ती मरेपर्यंत तीच. २०१४ साली किमान पेन्शन १,००० रुपये ठरली आणि दहा वर्षांनंतरही आकडा तोच होता. किमान ७,५०० रुपये आणि महागाई भत्ता मागत साखर कारखाने, सूतगिरण्या, एस. टी. यांतले निवृत्त कामगार रस्त्यावर आले, बुलढाण्यात त्यांनी वर्षानुवर्षे साखळी उपोषण केले. संघटित क्षेत्रात आयुष्य काढलेल्या, कागद पूर्ण असलेल्या माणसांची ही स्थिती. ज्यांच्याकडे कागदच नाहीत, त्यांच्यासाठी दुसरी खिडकी होती.

श्रावणबाळ नावाची योजना

१९८० साली महाराष्ट्रात संजय गांधी निराधार अनुदान योजना सुरू झाली. १५ ऑगस्ट १९९५ पासून केंद्राची राष्ट्रीय वृद्धापकाळ पेन्शन योजना आली. सुरुवातीला महिना ७५ रुपये. पुढे केंद्राचा वाटा २०० रुपये झाला आणि ऐंशीच्या आतल्या वृद्धांसाठी २००७ पासून तो तिथेच थांबला. राज्याची श्रावणबाळ सेवा राज्य निवृत्तिवेतन योजना ६५ वर्षांवरच्यांसाठी. तिची रक्कम ६०० होती, २०१९ मध्ये १,००० झाली, २०२३ मध्ये १,५००. म्हणजे दिवसाला पन्नास रुपये.

रकमेइतकीच मला या योजनेची अट बोलकी वाटते. कुटुंबाचे वार्षिक उत्पन्न २१,००० रुपयांच्या आत हवे. महिन्याला १,७५० रुपये, आणि ते एका माणसाचे नव्हे, अख्ख्या कुटुंबाचे. रोजंदारीवर जाणारा एक मुलगा घरात असला तरी ही मर्यादा पहिल्या आठवड्या-दोन आठवड्यांतच ओलांडली जाते. त्यामुळे खरा गरीब म्हातारा दोनच मार्गांनी आत येऊ शकतो: तलाठ्याकडून जमेल तसा दाखला मिळवून, किंवा रेशनकार्डावर मुलापासून वेगळा होऊन. निराधार योजनेत विधवेचे अनुदान मुलगा पंचवीस वर्षांचा होईपर्यंत किंवा त्याला नोकरी लागेपर्यंतच, अशीही अट होती. मुलगा पंचवीस वर्षांचा झाला म्हणजे आधार मिळाला, असे गृहीत धरायचे. व्हिटली आयोगाने गावाला जे काम दिले, तेच इथे मुलाला दिलेले आहे.

योजनेचे नावसुद्धा पाहण्यासारखे आहे. आईबापांना कावडीत घालून नेणारा श्रावणबाळ हा मुलगा होता. सरकार त्याचे नाव घेते आणि त्याच वेळी अर्जदाराला विचारते, तुझा मुलगा काय करतो? कायदाही याच दिशेने गेला. १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेने आईवडिलांना मुलाकडून पोटगी मागण्याचा हक्क दिला; १९८७ साली कल्याणच्या एका प्रकरणात विवाहित मुलीवरही ही जबाबदारी येते असे सर्वोच्च न्यायालयाने ठरवले; २००७ च्या कायद्याने त्यासाठी वेगळी न्यायाधिकरणे दिली आणि महिना दहा हजारांपर्यंत निर्वाहखर्चाची तरतूद केली. जिथे मुलाकडे पैसा असून तो देत नाही, तिथे हा कायदा उपयोगी आहे. जिथे मुलगाच नाक्यावर कामाची वाट पाहत उभा आहे, तिथे बापाने त्याच्यावर दावा लावून काय मिळवायचे? गरिबाच्या घरात म्हातारपणाचा प्रश्न कृतघ्नतेचा असतो त्याहून कितीतरी जास्त रिकाम्या खिशाचा असतो. पण आपली चर्चा, नाटके आणि व्याख्याने बहुतेक वेळा कृतघ्न मुलाभोवती फिरतात. त्या मुलाला शिव्या दिल्या की गिरणी, कारखाना, मुकादम आणि सरकार हे चौघेही चर्चेतून सुटतात.

हमालाने दाखवलेली वाट

याला पर्याय नव्हता का? होता, आणि तो याच महाराष्ट्राने काढला. पाठीवर पोती वाहणाऱ्या हमालाला एक मालक नसतो. आज या गाळ्यावर, उद्या त्या गाळ्यावर. त्याचा फंड कोण भरणार? मुंबईत अण्णासाहेब पाटलांनी माथाडींची आणि पुण्यात डॉ. बाबा आढाव यांनी हमाल पंचायतीची संघटना उभी केली. त्यांच्या लढ्यांतून १९६९ चा माथाडी कायदा झाला. या कायद्याने मंडळे स्थापन झाली. कामगाराची नोंदणी मंडळाकडे. व्यापाऱ्याने मजुरी मंडळाकडे भरायची आणि तिच्यावर ठरावीक टक्के लेव्ही. त्या लेव्हीतून भविष्यनिर्वाह निधी, ग्रॅच्युइटी, रजा, औषधोपचार. मालक बदलला तरी खाते तेच. ज्याला एकही मालक नाही त्याला फंड मिळू शकतो, हे या कायद्याने पन्नास वर्षांपूर्वी सिद्ध केले. या व्यवस्थेतही खोट्या नोंदण्या, लेव्हीची चुकवाचुकवी आणि मंडळांची ढिलाई आहे. तरीही म्हातारपणाचा खर्च श्रम विकत घेणाऱ्याने श्रम घेतानाच भरावा, हे तत्त्व इथे पहिल्यांदा स्वच्छपणे मांडले गेले.

मात्र हीच पद्धत ऊसतोड, बांधकाम, घरकाम यांना त्याच ताकदीने लावली गेली नाही, आणि त्याचे कारण मला नागपूर-मुंबईच्या जुन्या फरकात दिसते. बाजार समितीतले हमाल एका दिवसात व्यापार थांबवू शकत होते. ऊसतोड कामगाराच्या मागे दुसरी कोयती तयार असते.

२०१२ साली बाबा आढाव, अरुणा रॉय आणि इतरांनी पेन्शन परिषदेच्या नावाने मागणी केली की प्रत्येक वृद्धाला किमान वेतनाच्या निम्मी किंवा महिना दोन हजार, यांपैकी जास्त असेल ती रक्कम मिळावी. मुलाचे उत्पन्न विचारू नये. मला या मागणीतला शेवटचा भाग सर्वात महत्त्वाचा वाटतो. ती म्हाताऱ्या माणसाकडे कोणाचा तरी बाप म्हणून पाहत नाही, आयुष्यभर राबलेला माणूस म्हणून पाहते.

२०११ च्या जनगणनेत महाराष्ट्रात साठीवरच्यांचे प्रमाण ९.९ टक्के होते; रत्नागिरी आणि सिंधुदुर्गात ते त्याहून बरेच अधिक. गिरण्या गेल्या तरी माणसे मुंबई-पुण्याला जातच आहेत: सुरक्षा रक्षक, डिलिव्हरी, कंत्राटी सफाई. त्यांच्यातल्या बहुतेकांना फंड नाही, आणि कंत्राटदार दर अकरा महिन्यांनी बदलत असल्यामुळे सलग सेवाही नाही. तुमच्या म्हातारपणाचे काय, असे मी त्यांच्यातल्या काहींना विचारतो. गावाला जाऊ, असे ते सांगतात. त्यांची गावातली जमीन एव्हाना एकेका भावाच्या वाट्याला दोन-चार गुंठे येईल इतकी वाटली गेली आहे, आणि ज्या बायकांनी आधीच्या तीन पिढ्यांचे म्हातारपण निभावले, त्यांच्या सुना-नाती आता स्वतः शहरात कामाला आहेत. लोखंड्यांच्या निवेदनातल्या पाचव्या मागणीत थोडी भर घालायची राहून गेली होती. श्रम घेताना म्हातारपणाची रक्कम बाजूला काढायची, ती कामगाराच्या नावे ठेवायची आणि देताना त्याच्या मुलाची चौकशी करायची नाही, इतकीच ती भर आहे. १८८४ मध्ये ती सुचणे कठीण होते. आता ती न सुचण्याचे कारण उरलेले नाही.